बाळंतिणीसाठी राखलेला तांदूळ

गेल्या दिवाळीनंतर तू फोनवर मला विचारलंस, "आजी, तुझ्या घरात पारा आहे का?" तुला शाळेत त्यावर लिहायचं होतं. तुझा धाकटा भाऊ मागे पलंगावर उड्या मारत होता, त्यामुळे मला अर्धंच ऐकू आलं आणि मी "नाही" म्हणून मोकळी झाले. फोन ठेवल्यावर मात्र घर तपासायला घेतलं. खरं सांगायचं तर काम मिळाल्याचं बरं वाटलं. या घरात वस्तू जिथल्या तिथे असतात, कारण त्या हलवणारं कोणी नाही.

पारा निघालाच. तुमच्या आजोबांचा काचेचा थर्मामीटर कपाटात होता, आणि माडीवरच्या जुन्या ट्यूबलाइटमध्येही तो थोडा असतोच. पुढच्या रविवारी मी तुला ते सांगितलं. कोळसा जाळला की त्यातला पारा धुरातून वर जातो, पावसाबरोबर तळ्यात उतरतो आणि माशांत साठतो, हेही सांगितलं. जपानमधल्या मिनामाता गावाचं तुला आधीच माहीत होतं. तिथल्या खाडीत कारखान्याचा पारा गेला, ते मासे खाणाऱ्यांचे हातपाय थरथरू लागले आणि काही मुलं आईच्या पोटातूनच आजार घेऊन जन्मली. त्याच गावाच्या नावाने पुढे देशादेशांनी करार केला. पाऱ्याचे थर्मामीटर, रक्तदाब मोजायची यंत्रं, दिवे हळूहळू बंद करायचे, असं त्यात ठरलं. आपल्या देशानेही तो मान्य केला आहे. तू सगळं लिहून घेतलंस. पण एक पारा मी तुला सांगितला नव्हता. तो तेव्हा मलाच दिसला नव्हता.

इथे दवनीवाड्यात आपल्या घरासमोर जी शेजारीण राहते, तिला तुम्ही लहान असताना पाहिलं आहे. माझ्यापेक्षा बरीच लहान आहे. घरची धानाची शेती मोठी. दूध काढून झालं की रोज संध्याकाळी माझ्याकडे चहाला यायची, गावातल्या सगळ्यांची नक्कल करायची, माझीही करायची. दिवसभरात माझ्याशी समोर बसून बोलणारं माणूस म्हणजे तीच. तिची मुलगी हायस्कुलात माझी विद्यार्थिनी होती. लग्न करून सडक अर्जुनीजवळच्या एका गावात दिली आहे. थंडीत ती पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली.

एका सकाळी शेजारणीने मला कोठी दाखवायला नेलं. आमच्या भागात बाळंतिणीला जुना तांदूळ देतात. तो हलका असतो, पचतो. हिने लेकीचं लग्न झालं त्याच वर्षी चिनोर हा सुवासिक तांदूळ वेगळा काढून पत्र्याच्या कोठीत राखून ठेवला होता. कीड लागू नये म्हणून त्यात पाऱ्याच्या गोळ्या घातल्या होत्या. खडूच्या मातीत पारा मळून केलेल्या या गोळ्या किराणा दुकानात मिळतात, त्या फडक्यात बांधून धान्यात ठेवतात. लेकीसाठीचा तांदूळ म्हणून हिने दुसऱ्या वर्षी आणखी घातल्या. झाकण उघडून तिने वरची पुरचुंडी उचलली, तर फडकं उंदराने कुरतडलेलं, गोळ्यांचा भुगा झालेला, आणि आजूबाजूचे दाणे राखाडी. तिने सुपात दोन वेळा पाखडलं, फुंकर मारली आणि म्हणाली, झाला साफ.

मी घरी आले. त्या तांदळातून पोटातल्या बाळाकडे किती जाईल, हे मला मोजता येणार नव्हतं. कदाचित फार नसेलही. पण वाढत्या मेंदूला पारा थोडाही नको, एवढं मला नक्की ठाऊक होतं. आणि शेजारीण हे कसं घेईल, तेही ठाऊक होतं.

दुसऱ्या दिवशी चहाच्या वेळी सांगितलं. आधी ती हसली.

"माही सासू बी हेच टाकत होती, बाई. आमी मेलो का?"

मी पारा शरीरात गेल्यावर काय करतो ते समजावलं. तिने कप खाली ठेवला. तेवढ्यावर थांबायला हवं होतं की नाही, मला अजून कळत नाही. मी म्हणाले, माझ्या डब्यात कडुनिंबाचा पाला घातलेला तांदूळ आहे, तो ने. आपली जमीन आता नाही, माझा तांदूळ दुकानातून येतो, हे तिला माहीत होतं.

"दुकानचा तांदूळ? माह्या पोरीच्या बाळंतपणाले?" ती उठली. "आमच्या घरी धान पिकत नाई का, बाई?"

त्यानंतर ती संध्याकाळची आली नाही.

चार-सहा दिवसांनी भर दुपारी मुलगी आली. दमत, खुर्चीचा हात धरून बसली. म्हणाली, आई म्हणते, बाईंनी आपल्या तांदळाला नासका म्हटलं. मी म्हणाले, तसं म्हटलं नव्हतं.

"मंग काय म्हटलं, ते मले सांगा."

मी हिला सांगितलं तर तिची आई माझी पायरी पुन्हा चढणार नाही, हे मला दिसत होतं. मी सांगितलं. तिने वर्गात ऐकायची तसं ऐकलं. धुतल्याने जातं का, एवढंच विचारलं. खात्री देता येत नाही, म्हणाले.

तिने आईशी भांडण केलं नाही. नवऱ्याला फोन करून सासरहून गोळ्या न घातलेल्या तांदळाचं पोतं मागवलं. माहेरी बाळंतपण आणि तांदूळ सासरचा, हे सगळ्या गल्लीने पाहिलं. भर दिवसा पोतं उतरलं तेव्हा शेजारीण अंगणात होती. ती तशीच गोठ्यात निघून गेली. बाईने पोरीचं डोकं भरलं, असं ती नंतर सगळ्यांना सांगत होती. ते खोटंही नाही.

कोठीतला चिनोर तिने फेकला नाही. ती आणि तिचा नवरा तोच खातात. मुलीने मला हे गेटाशी उभ्या उभ्या सांगितलं. तिने आईला किती विनवलं, पण आई म्हणते, एवढा तांदूळ टाकवत नाही.

तिला मुलगी झाली. बाळ चांगलं आहे. महिन्याभराने मी झबलं घेऊन गेले. बाळ पाहायचं होतंच, पण कोठीबद्दलही पुन्हा एकदा बोलायचं होतं. शेजारीण दारात आली. झबलं दोन्ही हातांनी घेतलं. तब्येत विचारली, गुडघे विचारले, तुम्हा दोघांची चौकशी केली. बसा म्हणाली नाही.

"लेकरू झोपून राहिलं, बाई," ती हळू आवाजात म्हणाली.

मागे चुलीवर भात शिजत होता, चिनोरचा वास ओळखू येतो. मी म्हणाले, तो तू तरी खाऊ नकोस. तिने मान हलवली, हो म्हणून की नाही म्हणून ते कळलं नाही. मग ती आत वळली. मी थोडा वेळ अंगणात थांबले. आतून काहीच आवाज नव्हता. लेकरू खरंच झोपलं होतं.