नागपूरचं लायसन, घमापुरचा पत्ता

माझी लूना मोपेड बसच्या टपावर चढवायला तीन माणसं लागली आणि तिघांचीही बाबांनी खरडपट्टी काढली. "अरे, आरसा सांभाळ ना बाप्पा! पोतं चढवून राहिला का?" असं ओरडत ते स्वतःच शिडीनं वर गेले आणि बांधलेल्या दोऱ्या सोडून पुन्हा बांधायला लागले. बस नागपूरहून जबलपूरला निघायची होती, ड्रायव्हर हॉर्नवर हॉर्न देत होता. लग्नाला दोन महिने झालेली मी खिडकीत बसली होती. शेजारी हे, म्हणजे माझा नवा नवरा. मला रडू येत नव्हतं, राग येत होता. मुलगी चालली परक्या राज्यात, आणि हा माणूस टपावर दोरीशी भांडून राहिला!

शेवटी बाबा खाली आले. खिडकीतून माझ्या हातात एक प्लास्टिकची पिशवी दिली. आत माझं लायसन. तेव्हा त्याची छोटी पुस्तिका असायची, आत फोटो चिकटवलेला. बाबा सरकारी जीपचे ड्रायव्हर. आई लहानपणीच गेली, तर त्यांनी मला स्वयंपाकाच्या आधी गाडी शिकवली होती. म्हणाले, "लायसन इथलंच राहू दे. तिकडचं करू नको. संपलं का येजो."

"काहून?" मी चिडूनच विचारलं.

"काहून काय? सरकारी काम आहे. त्याले कोणी नाही म्हणत नाही."

बस सुटली. जबलपूरच्या तोंडाशी नर्मदेवरचा तिलवाऱ्याचा पूल येईपर्यंत मला त्या बोलण्याचा अर्थ लागला नाही. सासरी वर्षभर राहिल्यावर लागला.

माझ्या माहेरच्या, नागपूरजवळच्या कामठीच्या मंडळींनो, तुम्ही जे पुण्याला, सुरतेला गेलात आणि तुम्ही जे कामठीतच राहिलात, दोघांसाठीही हे लिहून राहिली. कारण तुम्ही सगळे मला एकच विचारता, "वंदना, तू इतकी वर्षं लायसनसाठी नागपूरला काहून धावत होती? जबलपुरात आरटीओ नाही का?" आहे ना. माझ्या घरापासून स्कूटीनं जाता येतं.

पण जबलपुरातल्या घमापुरच्या आमच्या घरात सून माहेरी जाणार म्हटलं की आधी कारण लागायचं. सासूबाई वाईट नव्हत्या, त्यांची माणसंही भंडाऱ्याकडचीच, पण "आत्ताच तर गेली होती" हे त्यांचं ठरलेलं वाक्य. बाबांना आठवण येते हे कारण नव्हतं. मला करमत नाही हे तर मुळीच नव्हतं. लायसन मात्र कारण होतं. बाबांचं पोस्टकार्ड यायचं, मुद्दाम पोस्टकार्ड, म्हणजे घरात सगळ्यांनी वाचावं. वर "चि. वंदनास आशीर्वाद" आणि खाली एकदम कचेरीची भाषा, "लायसनच्या नूतनीकरणासाठी स्वतः हजर राहणे आवश्यक आहे, तरी विलंब करू नये." सासूबाई ते दोनदा वाचायच्या. "सरकारी काम आहे तं जाऊन ये बाई," म्हणायच्या आणि वर चिवडा बांधून द्यायच्या.

मग कायदा बदलला. थोड्या थोड्या वर्षांचं लायसन एकदम वीस वर्षांचं झालं. झालं, बाबांचा बेत फसला! पण हार मानतील ते बाबा कसले. "लायसनमध्ये जीपची नोंद करावयाची आहे," कार्ड आलं. मी जीप कुठं चालवणार होती जबलपुरात? तरी गेली. पुढं "पुस्तिका जीर्ण झाली आहे, दुय्यम प्रत घ्यावी." मग पुस्तिकेऐवजी कार्ड निघालं, ते करायला. मग कार्डावर जन्मतारीख चुकली, ती दुरुस्त करायला. ती चूक खरी होती, पण तिचा आनंद बाबांना झाला तेवढा कोणालाच झाला नसेल.

दोन दिवसांचा मुक्काम असायचा. सकाळी दहाला आरटीओ, एक रांग, दुसरी रांग, अर्ज, शिक्का, जेवायला घर, की निघा. बाबा सांगायचे, पहिले नागपूर-जबलपूर एकाच राज्यात होतं, साहेबाला घेऊन ते जीपनं महिन्यातून दोनदा जबलपूरला जायचे. मग राज्यं वेगळी झाली आणि फेऱ्या बंद. "नाही तं तुले भेटायले मलेच सरकारनं पाठवलं असतं," असं म्हणून ते हसायचे. मला ते ऐकून कसंतरी व्हायचं. मी घड्याळ बघायची.

मधल्या वर्षांत माझं जबलपूर उभं राहिलं. आरोग्य विभागात नर्सबाई म्हणून लागली. लसीचा डबा स्कूटीला अडकवून घमापुरच्या गल्ल्या, मग तिलवाऱ्याच्या पलीकडची गावं. तोंडात हिंदी बसली. "अच्छा, चलो," असं म्हटल्याशिवाय माझा फोन संपत नाही. मुलगी शालू झाली. तिला मराठी सगळी समजते, उत्तर हिंदीत येतं. ह्यांना जाऊन आता सात वर्षं झाली, सासूबाई त्याच्या आधीच गेल्या. म्हणजे आता मला विचारणारं कोणी नव्हतं. बिनकारणाचं जायला आता काय हरकत होती? पण मी गेली नाही. बाबा वारल्यावर मी कामठीला दोनदा गेली. एकदा लायसनसाठी, आणि एकदा पुन्हा लायसनसाठीच, कारण पन्नाशीनंतर ते पाचच वर्षांचं मिळतं.

हे असं आहे की मला कुठंच स्वस्थ बसता येत नाही. जबलपुरात असली की वाटतं, आपण इथं कामावर आलोय, काम संपलं की जायचं. कामठीत गेली की वाटतं, उद्या सुटणाऱ्या बसचं काय. शालू म्हणते, "मम्मी, आप हमेशा चप्पल पहने बैठी रहती हो." खरंच आहे तिचं.

तर ते पाच वर्षांचं लायसन संपलं, आणि मी काही केलं नाही. आता सगळं ऑनलाइन झालं होतं. दादाला, म्हणजे माझ्या मोठ्या भावाला, फोन करून म्हटलं, "लायसनसाठी येऊन राहिली." तर तो म्हणाला, "आता काहून येते? तुझं आधार जबलपूरचं. तिथंच होते सगळं." बस, एवढंच. मला इतकं लागलं ते! बाबा गेले आणि भावानं नऊ शब्दांत दार लावून घेतलं, असंच वाटलं. मी फोन ठेवला आणि अर्जही तसाच ठेवला. संपल्यावर वर्षभराच्या आत नूतनीकरण नाही केलं तर पुन्हा परीक्षा द्यावी लागते, हे मला चांगलं ठाऊक होतं. तरी महिन्यामागून महिने संपलेल्या लायसनवर गाडी हाकत राहिली. स्वतःचंच डोकं फिरल्यावर दुसरं काय होणार!

तिलवाऱ्याच्या पुलाजवळ तपासणी चालू होती, तिथं पकडली गेली. शिपाई माझ्या शालूच्या वयाचा. त्यानं कार्ड उलटसुलट पाहिलं. "दीदी, ये तो दस महीने पहले खत्म हो गया।"

"भैया, टीके का डब्बा है, बच्चे बैठे हैं उधर," मी घाईघाईनं म्हटलं.

"और नागपुर का है। आप बाहर की हैं?"

"नहीं, यहीं की। घमापुर।"

"कब से?"

"पैंतीस साल हो गए होंगे।"

तो हसला. वाईट हसला नाही, पण हसला. "पैंतीस साल में पता नहीं बदलवाया? बनवा लो दीदी, नौकरी चली जाएगी।" आणि सोडलं. डबा घेऊन मी गावात पोचली, लसी दिल्या, पण नोकरीचं डोक्यातून जाईना. गाडीवरून हिंडणं हेच माझं काम. गाडी गेली तर मला टेबलावर बसवतील, रजिस्टर भरायला, आणि टेबलावर मी आठ दिवसही टिकणार नाही.

घरी येताच दादाला फोन लावला. म्हटलं, "दादा, तू फक्त तुझ्या विजेच्या बिलाची झेरॉक्स दे. मी आधारवर कामठीचा पत्ता टाकते आणि लायसन नागपूरलाच करते."

"तू राहतेस कुठं?"

"तुला काय त्रास आहे? माझं माहेर नाही का ते?"

मग दादा जे बोलला ते मी शब्दाला शब्द लिहिते. आमचा दादा कमी बोलतो, म्हणून लक्षात राहिलं. "माहेर आहे ना. पण तू माहेरी आली कधी? बाबा होते तेव्हाही तू आरटीओतच आली. बाबा गेल्यावर दोनदा आली, दोन्ही वेळा हातात फाइल. सकाळी मी रजा टाकून तुला सोडायचो, रांगेत मी उभा राहायचो, आणि संध्याकाळी तू बसमध्ये. तुझी वहिनी दवाखान्यात होती तेव्हा फोनवर काय म्हटलं तू? सुट्टी मिळत नाही. लायसनसाठी बरी मिळाली. मी म्हटलं, करू दे तिला जबलपूरलाच. पाहू तं खरं, येते का नाही."

मी "अच्छा, चलो," म्हणून फोन ठेवला.

आधी खूप राग आला. मनातल्या मनात दादाशी भांडली, भांडी आपटली, शालूवर ओरडली. मला काय शौक होता? बाबांनीच तर तो रस्ता काढून दिला होता! आणि मग भांडी घासता घासता कळलं की दादाला त्या पोस्टकार्डांतलं काही माहीतच नव्हतं. बाबांचं आणि माझं जे गुपित होतं, ते त्याला फक्त लांबून दिसत होतं. बहीण येते, कागद करते, जाते. आणि सासूबाई गेल्या, हे गेले, तरी मी तेच करत राहिली. आता तर कोणी अडवत नव्हतं. ही चूक माझी होती, बाबांची नाही.

कळलं तरी वळायला आणखी दीड महिना गेला, आणि वर्ष पुरं व्हायला सात दिवस उरले. शालूनं मोबाइलवर अर्ज उघडला. डॉक्टरचा फिटनेसचा दाखला मी आमच्याच दवाखान्यातून आणला. वयामुळे तो लागतो, आणि डोळे तपासताना शेवटची ओळ मी अंदाजे वाचली, हे इथं कबूल करते. आधार, जुनं लायसन, फोटो, सही. मग शालू थांबली. "मम्मी, स्थायी पता?"

आजवर प्रत्येक अर्जात वर्तमान पत्ता घमापुर आणि स्थायी पत्ता कामठी. नोकरीच्या कागदात, शालूच्या शाळेत, बँकेत, सगळीकडे. शालूनं मान वर केली, आणि हिंदी सोडून हळूच म्हणाली, "आई, घमापुर लिहू का?" मला वाटतं ती मराठीत बोलली म्हणूनच मी हो म्हटलं. नाही तर आणखी दोन तास भांडली असती.

आरटीओत एक खिडकी, एक फोटो, विसाव्या मिनिटाला बाहेर. काही दिवसांनी पोस्टमन कार्ड देऊन गेला. राज्य मध्य प्रदेश, पत्ता घमापुर. मी ते हातात धरून ओट्याशी उभी राहिली आणि ढसाढसा रडली. बाबा दुसऱ्यांदा गेल्यासारखं वाटलं. आता मला नागपूरला बोलावणारं एकही सरकारी काम उरलं नव्हतं.

आणि माझं मन काय करून राहिलं होतं माहीत आहे? नवीन काम शोधून राहिलं होतं. शाळा सोडल्याचा दाखला हरवलाय, तो आणावा. मतदार यादीत जुनं नाव आहे का बघावं. चार दिवस मी अशी कारणं जमवत बसली, आणि पाचव्या दिवशी स्वतःचीच लाज वाटली. रजेच्या अर्जात कारणाच्या जागी "घरी जायचे आहे" असं लिहिलं. बाबूनं चष्म्यावरून पाहिलं, "कुछ हुआ क्या दीदी?" म्हटलं, कुछ नहीं हुआ.

कामठीला पोचली. वहिनी दारातच, तब्येत बरी दिसली. दादा नमस्कारापुरता बोलला. जेवणं झाली, टीव्ही झाला, कोणी काही विचारलं नाही आणि मीही सांगितलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ओसरीवर चहा पीत बसली होती. साडेनऊ झाले तसा दादा आतून तयार होऊन आला. अंगात इस्त्रीचा शर्ट, एका हातात स्कूटरची किल्ली, दुसऱ्या हातात दोन हेल्मेट. सत्तरीला आलेला माणूस. माझ्याकडं न बघता म्हणाला, "चल, उशीर होईल. कुठं सोडू?"

"कुठंच नाही, दादा."

"म्हणजे? काम काय आहे?"

"काही काम नाही. तुम्हाला भेटायला आली. आठ दिवस आहे."

त्यानं दोन्ही हेल्मेटं खाली ठेवली, चपला काढल्या आणि माझ्या शेजारी येऊन बसला. वहिनीला आवाज दिला, "अजून एक चहा टाक." त्याचे डोळे भरले होते, आणि ते लपवायला तो शर्टाची बाही दुमडत होता.

"वंदना आली," तो आत बघून वहिनीला म्हणाला. कालपासून मी त्याच घरात होती, पण त्यानं ते आज सांगितलं.