साळूबाईनं सांगितलेल्या शिव्या

परवा श्रीगोंद्यात महिला मेळाव्याला गेले होते. कुणीतरी माईक चालू केला. त्याची कानात घुसणारी खरखर ऐकली आणि बहात्तरच्या दुष्काळातली एक सभा डोळ्यांपुढं उभी राहिली.

तेव्हा आम्ही बायका दुष्काळी कामावर खडी फोडायचो. मुकादम सगळ्यांनाच शिव्या द्यायचा, म्हणून शहरातल्या बायकांनी सभा घेतली. माझ्या शेजारी खडी फोडणारी, बौद्धवाड्यातली साळूबाई माईकपुढं उभी राहिली. मुकादम तिला जातीवरून काय काय बोलतो, ते ती जसंच्या तसं सांगू लागली. मुकादम दारातच उभा होता.

अध्यक्षबाई घाईनं म्हणाल्या, "अहो, शिव्या नकोत! आणि जातीचं इथं काढू नका. हा सगळ्या बायकांचा प्रश्न आहे."

"ताई, शिव्या माझ्या न्हाईत, त्याच्या हायेत," साळूबाई म्हणाली. "आन् जातीवरनं तो आमालाच देतो, तुमाला न्हाई."

अध्यक्षबाईंनी माईक बंद करायला लावला. साळूबाई थांबली नाही. तिनं दाराकडं तोंड केलं आणि उरलेल्या शिव्या एकेक करून मोठ्यानं म्हटल्या. शेवटी मुकादमानं मान खाली घातली.

त्या दिवशी मला त्या शिव्यांनी धडकी भरली होती. आता अध्यक्षबाईंचं ते सभ्य बोलणंच जास्त टोचतं.

दुसऱ्या दिवशी कामावर मुकादमानं पहिल्यांदाच "साळूबाई" अशी हाक मारली. तिनं वर पाहिलं नाही. हातोडा तसाच चालू ठेवला.