गाभण मेंढीपुढे म्हटलेला अर्ज

कळंबच्या तहसील कार्यालयाबाहेर मी अर्जलेखन करतो. शेजारच्या केशकर्तनालयात मशीन घरघरले, की माझी लेखणी थांबते आणि येरमाळ्याचा आमचा मेंढवाडा डोळ्यांपुढे उभा राहतो.

थोरल्या बंधूंनी लोकर कातरण्याचे विजेचे मशीन प्रथमच आणले होते. त्या आवाजाने गाभण मेंढी थरथरू लागली. ती उधळली असती, तर पोटातले कोकरू गेले असते. पदराने तिचे डोळे झाकत वहिनी मला म्हणाल्या, "भावजी, एरवी लई बोलता न्हवं? आता बोला की तिच्याशी!"

मला दुसरे काही सुचेना. "मेहेरबान तहसीलदार साहेब यांचे सेवेशी," असा अर्ज मी संथ स्वरात म्हणू लागलो. माझ्या तळहातांखालची थरथर हळूहळू निवली आणि उबदार, तेलकट लोकर उलगडत खाली पडली. कोकरू वाचले. बंधू हसून म्हणाले, "तुझा अर्ज शेवटपर्यंत ऐकणारं कुणीतरी भेटलं बघ!"

तेव्हा तो मी माझ्या वाणीचा गौरव मानला. आता मजकूर ऐकताना पक्षकार त्या मेंढीसारखा मान खाली घालून शांत झाला, की मीच बेचैन होतो. वाचन थांबवून विचारतो, "आपण काय मागितलंय, सांगा बघू?"

तो म्हणतो, "तुमी लिवलंय म्हंजी बरोबरच आसंल."