ग्रामीणवाल्यांचं जेवण खाली

"ओ आजी, ती प्लेट ठेवा. ग्रामीणवाल्यांचं जेवण खाली आहे."

आजी म्हणजे माझी आई. वर्ध्याच्या एका हॉटेलातला भरलेला हॉल. आईनं प्लेट परत ठेवली. ठेवण्याआधी पदरानं पुसली. आपला हात लागला म्हणून.

मी काय केलं? हसले. "सॉरी सर" म्हणाले आणि तिचा दंड धरून तिला जिन्यानं खाली घेऊन गेले.

मी ग्रामीण बँकेत क्लार्क आहे. आमच्या बँकेच्या डोक्यावर एक मोठी बँक आहे. तिचेच साहेब आमच्यावर नेमले जातात. त्या दिवशी दोन्ही बँकांचा मिळून मेळावा होता. बचत गटांच्या कामासाठी माझा सत्कार होता, म्हणून आईला कारंज्याहून एसटीनं आणलं होतं. तिनं जन्मभर जंगलात तेंदूपत्ता तोडला. पोरीच्या गळ्यात हार पडताना बघायचा, एवढीच तिची हौस. हार पडला. टाळ्या झाल्या. मग जेवणं. मोठ्या बँकेच्या नियमात जेवण बसत होतं, आमच्या नियमात नाश्ता. म्हणून वर त्यांची ताटं आणि खाली आम्हाला आलूबोंडा, चहा. कागदोपत्री सगळं बरोबर.

खाली पायरीवर बसून आई म्हणाली, "तू बी बँकीतच हायेस ना वं?"

"हो."

"मंग थे कोन व्हते?"

"थेई बँकीतलेच."

"मंग आपल्याले काऊन हाकललं?"

मला उत्तर माहीत होतं. मी आलूबोंड्याची प्लेट तिच्यापुढं सरकवली. मला आईचीच लाज वाटत होती. तिच्या विटलेल्या पातळाची, तिच्या मोठ्या आवाजाची, ती प्लेट पुसण्याची. अपमान त्यांनी केला आणि लाज मला माझ्या मायची वाटली. हे लिहितानाही तोंड लपवावंसं वाटतं.

आमच्या गावात रस्त्याच्या या बाजूला आमची शाखा, त्या बाजूला मोठ्या बँकेची. लाइट दोन्हीकडची एकदमच जाते. ऊन तेच, खड्डे तेच, गिऱ्हाईकही तेच. त्यांच्या क्लार्कला दुर्गम भागाचा भत्ता आहे. मला नाही. काम सारखं तर भत्ताही सारखा द्या, म्हणून आमच्या संघटनेनं नागपूरच्या न्यायाधिकरणात दावा लावला होता. माझ्यासारखीची साक्ष त्यांना हवी होती. संघटनेचे लोक घरी येऊन विनवून गेले होते, आणि मी टाळत होते. बढतीची मुलाखत तोंडावर होती. खरं सांगायचं तर मला वरच्या मजल्यावर जेवायचं होतं.

त्या पायरीवरून उठले ती थेट संघटनेच्या माणसाकडे गेले. म्हटलं, "माझं नाव लिहा."

बातमीला पाय फुटले. मोठ्या बँकेतून आमच्यावर नेमलेल्या साहेबांनी वर्ध्याला बोलावलं. चहा मागवला, पहिल्यांदाच.

"मॅडम, तो भत्ता गैरसोयीसाठी असतो. आमचा माणूस पुण्याहून येतो, त्याला त्रास होतो. तुम्ही तर इथल्याच. तुम्हाला सवय आहे. साक्षीतून नाव काढा, मुलाखतीचं मी बघतो."

सवयीनं "हो सर" ओठांवर आलंही होतं. ते गिळलं.

"सवय नाही सर. इलाज नव्हता. नाव राहील."

चहा तसाच ठेवून उठले. बाहेर येऊन बाथरूममध्ये रडले. शूर वगैरे मी नाही.

साक्षीच्या दिवशी मोठ्या बँकेच्या वकिलानं विचारलं, "खेड्यातल्या माणसाच्या गरजा कमी असतात, हे खरं आहे ना?" किती सहज विचारलं त्यानं! माझे कान तापले. सगळे माझ्याकडे बघत होते, जणू मी आत्ता माझ्या गरजा मोजून दाखवणार होते.

"खोटं आहे," मी म्हणाले.

टाइप करणारा थांबला.

"खोटं आहे, असंच लिहा."

मुलाखतीत मला पाडलं. मग बदली केली, जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला, हिंगणघाटच्या पुढं. आई तिकडे कारंज्याजवळ एकटी. फोनवर म्हणते, "माह्या काळजीनं माघार नोको घेजो." मी घेणार नाही. पण साहेब दिसले की पाठ अजून आपोआप वाकते, आणि त्याची मला अजून लाज वाटते.

निकाल लागायचा आहे. हरलो तर वरच्या कोर्टात जायच्या अर्जावर पहिली सही माझी. जिंकलो तरी मी घरी बसणार नाही. या नव्या शाखेत झाडझूड करणारी बाई वर्षानुवर्षं रोजंदारीवर आहे. तिला भत्ता सोडा, आजारपणाची सुट्टीसुद्धा नाही. हे आमच्या ग्रामीणवाल्यांनीच चालवून घेतलंय, आणि इथं आल्यापासून मीही गप्प होते. काल मी तिला दावा लावायला सांगितलं. साक्ष मी देईन. समोर मोठी बँक नसेल, आमचीच माणसं असतील. तरी देईन.