ओव्हेलाची पट्टी

ओव्हेला प्रुइट आठवडाभर लॉन्ड्रीत इस्त्री करायची आणि शनिवारी ह्यूस्टनच्या आमच्या मॅग्नोलिया क्लबात लॉन्झो टीगशी भांडायची. म्हणजे गाण्यात. तो पियानोवरून टोमणा मारणार, ती सुरातच त्याची जिरवणार.

"कोंबडी कुठं गेली गं?"

"तुझ्या आईला विचार, ओठ अजून पुसतेय ती!"

लोक टेबलं बडवायचे. युद्धावरून पोरं परतल्यापासून क्लबात पाय ठेवायला जागा नसायची. सगळ्यांना ती दोघं नवरा-बायको वाटत. नव्हती, पण भांडण मात्र अस्सल संसाराचं. मी मागे ड्रम वाजवायचो.

ओव्हेलाला एकच ध्यास होता. आपला आवाज रेकॉर्डवर यावा आणि तो आईनं ऐकावा. आई चर्चवाली, क्लबाची पायरी चढणं तिला पाप. लेक तिथं गाते म्हणून तिनं बोलणंच टाकलेलं.

"रेकॉर्ड शेजारी वाजली तर काय कानात बोळे घालील?" ओव्हेला म्हणायची.

एका दुपारी शिकागोहून रेकॉर्ड कंपनीचा माणूस ही जोडी ऐकायला आला. ओव्हेलाची गायची पट्टी पांढरी पाच, हे आमच्या स्वयंपाक्यालाही ठाऊक. लॉन्झोनं सुरुवात केली ती काळी पाचमध्ये, तीन पट्ट्या वर. मी चमकलो. तिनं त्याच्याकडे पाहिलं, त्यानं मान वर केली नाही. थांबायची सोय नव्हती. त्या भांडणाचा नियमच असा, की एकानं काहीही काढलं तरी दुसऱ्यानं उत्तर द्यायचं. तिनं दिलं. वरच्या ओळीला आवाज फाटला. बारवरची मंडळी खो खो हसली, त्यांना वाटलं हाही खेळच. रेकॉर्डवाला हसला नाही.

तो गेल्यावर तिनं विचारलं, "लॉन्झो, काय केलंस हे?"

"बोटं घसरली गं."

"इतक्या वर्षांत कधी नाही घसरली ती?"

त्यानं पियानोचं झाकण लावलं. "रेकॉर्डवाल्यांना आधीपासूनच माझ्याबरोबर कोवळी पोरगी हवी होती, ओव्ही. तुला तोंडावर सांगणं जमलं नसतं मला."

"म्हणून माझ्याच गळ्याकडून वदवलंस?"

तो टोपी घालून निघून गेला. केसानं गळा कापणं म्हणतात ते मी या डोळ्यांनी पाहिलं. त्या हलकटाचं नाव काढलं की अजून माझं डोकं फिरतं.

वर्षाच्या आत रेकॉर्ड आली. लॉन्झोबरोबर दुसरीच पोरगी, पण टोमणे सगळे ओव्हेलाचे. ओळ संपताना नाकातून हसायची तिची लकबसुद्धा त्यानं त्या पोरीला घोटून शिकवलेली. गल्लीगल्लीत तेच गाणं.

एका रविवारी चर्च सुटल्यावर ओव्हेला आणि मी रस्त्याच्या कडेला उभे होतो. तिची आई काठी टेकत थेट आमच्याकडे आली आणि तिनं लेकीचा चेहरा दोन्ही हातांत धरला.

"शेजारच्यांकडे ऐकलं मी. माझी पोर मला ओळखू येणार नाही होय? देवानं दिलेला गळा गं तुझा. मी उगाच अबोला धरला."

मी तोंड उघडलं. ओव्हेलानं माझा दंड घट्ट दाबला.

"हो ना, आई," ती म्हणाली. "त्या दिवशी आवाज बरा लागला होता."