पांढरीपांड्यांचा बडग्या

नागपुरात माणसाचं नाव किती झालं हे ठरवायची एक जुनी रीत आहे: तान्ह्या पोळ्याला त्याचा बडग्या निघाला पाहिजे. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, म्हणजे तान्ह्या पोळ्यालाच, गावाची इडापिडा घेऊन जाणाऱ्या मारबतींच्या मूर्ती निघतात, एक काळी, एक पिवळी, आणि त्यांच्या मागेपुढे गल्लोगल्लीचे बडगे डोलत जातात. बांबूच्या कामट्या, रद्दी कागद आणि कुणाचा तरी जुना पायजमा, एवढ्यात एक बडग्या उभा राहतो. वर्षभर ज्यानं छळलं त्याचं सोंग करायचं, गळ्यात पाटी अडकवायची, ‘घेऊन जा गे मारबत’ म्हणून बोंब ठोकायची आणि दूर नेऊन जाळायचं. डासांचा बडग्या निघतो, खड्ड्यांचा निघतो, पुढाऱ्यांचा तर निघतोच. महाल भागातल्या एका निवृत्त कारकुनाचा निघेल, हे मात्र कुणाच्या ध्यानीमनी नव्हतं. खुद्द कारकुनाच्या तर नव्हतंच.

अनंतराव पांढरीपांड्यांचं घराणं भोसल्यांच्या काळात नागपुरात आलं. हे वाक्य ते अशा थाटात सांगत, की ऐकणाऱ्याला वाटावं, हे गृहस्थ आत्ताच घोड्यावरून उतरून पाणी प्यायला थांबले आहेत. प्रत्यक्षात त्यांची सगळी उमर एका सरकारी कचेरीत गेली आणि घोड्याशी त्यांचा संबंध कधी आला नाही. निवृत्तीनंतरचं पहिलं वर्ष त्यांनी घर सुधारण्यात घालवलं. म्हणजे मसाल्याच्या डब्यांना चिठ्ठ्या लावल्या, कुकरच्या शिट्ट्यांवर देखरेख केली आणि भाजी चिरायची शास्त्रशुद्ध पद्धत बायकोला समजावून दिली. उत्तराबाई शांत बाई, पण शांतपणालाही काठ असतोच.

“बाहेर जात जा न थोडं,” त्या एक दिवस म्हणाल्या. “माझं डोकं पिकवून राहिले तुम्ही.”

अनंतराव बाहेर पडले आणि नागपूरच्या इतिहासाला बरे दिवस आले. दर रविवारी सकाळी ते पाहुण्यांना जुन्या शहरातून पायी फिरवू लागले. गांधीगेटपासून सुरुवात, मग नगारखाना, मग कल्याणेश्वराचं देऊळ, असं करत करत शेवट त्यांच्या स्वतःच्या गल्लीत. पैसा घेत नसत, त्यामुळे कुणाला तक्रारही करता येत नसे. डोक्याला गोल हॅट, अंगात खादीचं बिनबाह्यांचं जॅकेट, हातात छत्री आणि खांद्याला लटकलेला बॅटरीचा भोंगा. पुण्याची माणसं येत, बंगलोरची येत, कधीमधी एखादा गोराही येई. त्यांना दगडविटांवरून हात फिरवत अनंतराव असं काही सांगत की मंडळी खरोखरच रंगून जात. हे कौतुकानंच म्हणतो आहे. बोलण्यात माणूस वाकबगार होता.

पण पाहुण्यांना जे रविवारी एकदा ऐकावं लागे, ते गल्लीला दर रविवारी ऐकावं लागे, तेही झोपेत. ओट्यावर बसून दात घासणारे बाबाराव परगावच्या कितीतरी मोबाइलांत तोंडातल्या ब्रशासकट जाऊन बसले होते. सगळ्यात मोठा मुक्काम प्रयागबाईंच्या दारापुढे पडे. प्रयागबाई मूळच्या मौद्याकडच्या. शेती अजून तिकडेच, पण सासऱ्यांनी फार वर्षांपूर्वी इथलं जुनं घर घेतलं आणि त्या लग्न होऊन इथे आल्या. त्या घराची लाकडी चौकट म्हणजे अनंतरावांचा जीव की प्राण. वेलबुट्टी, मोर, मधोमध गणपती. प्रयागबाई सडा टाकायला बादली घेऊन दार उघडीत, तो समोर वीस माणसं टक लावून उभी. आणि भोंग्यातून आवाज येई, “प्रयागबाई, जरा बाजूला व्हा, चौकट दिसू द्या.”

त्या बाजूला होत. बादलीसकट आत जात आणि दाराआड उभ्या राहत. अनंतरावांना त्यात काही वावगं वाटलं नाही. उलट आपल्यामुळे गल्लीचं नाव झालं, असं ते मानत, आणि गल्लीलाही तसंच वाटतं याबद्दल त्यांना तिळमात्र शंका नव्हती.

गल्लीच्या बडग्याची पाटी वर्षानुवर्षं अनंतरावच लिहून देत. यमक जुळवण्यात त्यांचा हात कुणी धरला नसता. पोळा आठ दिवसांवर आला की प्रयागबाईंचा मुलगा पिंटू, ज्याचं कोपऱ्यावर मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे, तो येई आणि म्हणे, “काका, यंदा पाण्याच्या टँकरवर लिहून द्या,” आणि काका तासभर येरझारा घालून दोन झणझणीत ओळी हातावर ठेवत. या वर्षी पोळा चार दिवसांवर आला तरी पिंटू फिरकला नाही. अनंतराव काही काम नसताना तीनदा गल्लीच्या मंडळाच्या शेडवरून गेले. ताडपत्री सोडलेली. आतून कामट्या तासल्याचा आवाज आणि हसणं. यांची चाहूल लागली की हसणं बंद.

शेवटी त्यांनी पिंटूला दुकानातच गाठलं. “काय रे, पाटीचं काय करून राहिले यंदा?”

“झालं काका लिहून,” पिंटू हातातल्या मोबाइलमध्ये जवळजवळ शिरतच म्हणाला. “तुमाले काहून तरास द्याचा दरसाल.”

अनंतराव घरी आले ते विचारातच. संध्याकाळी कुठेतरी जायचं म्हणून त्यांनी कपाट उघडलं.

“माझं जुनं जॅकेट कुठे आहे हो? ते मातकट रंगाचं?”

“दिलं,” उत्तराबाई वाती वळता वळता म्हणाल्या.

“कोणाला?”

“पिंटूला. मागायला आला होता.”

“आणि हॅट? जुनी?”

“तीही दिली. एकाबरोबर एक शोभून दिसते.”

अनंतराव पलंगावर मट्कन बसले. उत्तराबाईंनी पदर तोंडाला लावला होता आणि त्यांचे खांदे हलत होते. घरचाच भेदी निघाला म्हटल्यावर तक्रार कोणाकडे करायची?

त्या रात्री ते फार बोलले. कृतघ्न हा शब्द तीन-चार वेळा आला. पण सगळा राग ओतून झाल्यावर तळाशी जे उरलं ते वेगळंच होतं, आणि त्याचं नाव भीती. हसतील याची नाही. कचेरीत साहेबांनीही हसून घेतलं होतं आणि ते त्यांनी पचवलं होतं. पण बडगे कुणाचे जाळतात हे त्यांच्याइतकं कुणाला ठाऊक? ज्याला घालवायचं असतं त्याचेच. आपल्याच गल्लीला आपण नकोसे झालो की काय, हा प्रश्न छातीवर बसला तो उठेना. या रविवारांशिवाय आता त्यांच्याकडे होतं तरी काय?

पोळ्याच्या आधीच्या रविवारी त्यांनी शिकस्त केली. भोंगा घरीच ठेवला. बोलणं इतकं हळू, की मागच्या पाहुण्यांना वाटलं गाईड मनातल्या मनात जप करतोय. प्रत्येक ओट्याला नमस्कार केला. बाबारावांनी तोंडातला ब्रश काढून काळजीनं विचारलं, “तब्येत बरी हाय न गा भाऊ?” प्रयागबाईंच्या चौकटीपुढून ते न थांबताच पुढे गेले. प्रयागबाई बादली घेऊन दारात उभ्या होत्या. त्यांनी या सुधारलेल्या माणसाकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि सडा टाकला.

पण देर हो गयी थी. कामट्या वाकवून झाल्या होत्या.

मारबतीच्या दिवशी त्यांची खास फेरी असे. पंधरा-वीस पाहुणे आधीच ठरलेले. अनंतरावांनी सकाळी कपाळाला बाम चोळला आणि आज जमणार नाही असं जाहीर केलं. उत्तराबाईंनी पोह्यांवर तर्री ओतून बशी पुढे सरकवली.

“दरवर्षी पाहुण्यांना तुम्हीच सांगता न, ज्याचा बडग्या निघतो त्यानं रुसायचं नसतं म्हणून? मग आता काहून तोंड लपवून राहिले?”

“तुम्हीही ओरडणार आहात की काय माझ्या नावानं?”

“मी तर सगळ्यात पुढे राहणार,” उत्तराबाई म्हणाल्या. “तेहतीस वर्षांची हौस आहे.”

तेव्हा अनंतराव गेले. रस्त्याच्या कडेला एका दुकानाच्या पायऱ्यांवर पाहुण्यांना चढवून उभं केलं. समोर माणसांचा पूर. ढोल, पिपाण्या, गच्चीगच्चीवर बायका. काळी मारबत गेली, लोकांनी जागच्या जागी उड्या मारल्या. अनंतराव सगळं सांगत होते, पण नजर रस्त्याच्या वळणावर. आणि मग वळणावर ती हॅट दिसली.

चांगला दोन पुरुष उंच बडग्या होता. जॅकेट ताणून बसवलेलं, हातात मोडकी छत्री, तोंडाच्या जागी सरळ पत्र्याचं नरसाळं. पोट जरा जास्तच दिलं होतं. गळ्यात पाटी:

‘रविवारी सकायी वाजोते भोंगा,
कोन्त्या जन्माचा हा मांगे लागला पोंगा!’

अनंतरावांच्या मनात पहिला विचार आला तो हा, की दुसरी ओळ लांबली. माणूस मुळातून बदलत नाही तो असा. त्यामागून गल्ली येत होती. पिंटू, त्याचे दोस्त, बाबाराव आणि सगळ्यात पुढे, शब्द पाळायला पक्क्या असलेल्या उत्तराबाई. “भोंगेवाल्या गाईडले घेऊन जा गे मारबत!”

पाहुण्यांत पुण्याची एक वेदिका नावाची मुलगी होती. तिनं बडग्याकडे पाहिलं, मग अनंतरावांच्या हॅटकडे, मग पुन्हा बडग्याकडे. बिचारीनं विचारलं मात्र अदबीनं, “काका, हा कोण?”

अनंतरावांनी डोक्यावरची हॅट सारखी केली. ‘असतं एखादं पात्र’ म्हणून वेळ मारून नेता आली असती. पाहुणे काय, उद्या आपापल्या गावी जाणार.

“हा मी,” ते म्हणाले. मग घसा साफ करून, रोजच्या गाईडच्या आवाजात, “नीट बघून घ्या. ही आमच्या गल्लीची कारागिरी. नाक नसलं तरी साम्य उत्तम साधलंय. यांच्या झोपेचं मी खोबरं केलं, म्हणून मला आज मारबतीबरोबर पाठवून राहिले.” आणि पाहुणे हसावं की नको या विचारात असतानाच ते पायऱ्या उतरले, आपल्या माणसांत शिरले आणि बेंबीच्या देठापासून ओरडले, “घेऊन जा गे मारबत!” शेवटच्या शब्दाला आवाज फाटला. पिंटूनं ऐकलं आणि नाचता नाचता त्याचा एक पाय चुकला.

तलावाकाठी बडग्या जळायला वेळ लागत नाही. हॅट आधी पेटली. लोक टाळ्या पिटत होते, आणि अनंतराव बाजूला उभे राहून डोळे पुसत होते. धूर होता, पण तो वाऱ्यानं दुसरीकडे चालला होता. शेजारी कधीतरी प्रयागबाई येऊन उभ्या राहिल्या होत्या.

“रडून काहून राहिले जी भाऊ?”

“काही नाही. पुढच्या रविवारपासून बंद करतो सगळं. समजलं मला.”

“काय समजलं?” प्रयागबाईंनी कपाळाला आठ्या घातल्या. “जायचा होता तो गेला. तो पाहा, जयला. तुमी कायले जाता? बह्याड झाले का?” मग जरा थांबून त्या म्हणाल्या, “भोंग्याचं दुःख पोट्टेलोकाले हाय, मले नाही. मी त पहाटेच उठतो. पर इतले पाव्हणे आनता, आमच्या दारापाशी उभे करता, आन मलेच म्हनता बाजूले व्हा. कधी म्हनलं का, प्रयागबाई, चाला आमच्यासंगं, तुमचंच घर हाय, पाहा?”

इतक्या वर्षांत पुण्याबंगलोरच्या माणसांना अनंतरावांनी आग्रहाचं आमंत्रण देऊन बोलावलं होतं. गल्लीतल्या एकाही जीवाला ‘येता का’ म्हणून विचारलं नव्हतं. बायकोलासुद्धा नाही.

“येता का रविवारी?” त्यांनी विचारलं. आवाज अगदी बारीक होता.

“पाहू,” प्रयागबाई म्हणाल्या. “सडा टाकून झाला त येईन.”

रविवारी त्या गांधीगेटला सगळ्यांच्या आधी हजर होत्या. ठेवणीतलं लुगडं, केसांना तेल, पायात पिंटूचे बूट. उत्तराबाई होत्या. बाबाराव दात घासून आले होते, तेव्हा बऱ्याच जणांनी त्यांना ओळखलं नाही. प्रयागबाई नगारखान्यापाशी मान वर करून उभ्या राहिल्या, देवळात हात जोडले, परगावच्या एका बाईला पायातल्या सँडलवरून बोलल्या. भोंगा नव्हता, त्यामुळे मंडळी जवळजवळ सरकून ऐकत होती.

शेवटी सगळे त्यांच्या दारापुढे आले. प्रयागबाई पाव्हण्यांच्या घोळक्यात, रस्त्याच्या पलीकडे उभ्या राहिल्या. दार बंद होतं. अनंतरावांनी वेलबुट्टी सांगितली, मोर सांगितले, लाकूड कोणतं, धाटणी कोणती, सगळं सांगितलं. जरा जास्तच मन लावून सांगितलं. त्या ऐकत होत्या, आणि स्वतःच्या घराकडे असं पाहत होत्या, जसं आपलं पोरगं पहिल्यांदा स्टेजवर उभं राहिलेलं पाहावं.

अनंतराव थांबले. “कुणाला काही विचारायचं आहे?”

प्रयागबाईंनी शाळेतल्यासारखा हात वर केला.

“समदं सांगतलं तुमी,” त्या म्हणाल्या. “आन आतमंदी राहते कोन, हे नाही सांगत का?”

अनंतरावांनी हॅट काढली. अख्ख्या नागपूरचा इतिहास तोंडपाठ असलेला तो माणूस चौकटीपुढून बाजूला झाला आणि म्हणाला, “या प्रयागबाई, ते तुम्हीच सांगा.”