हिरव्या खणाचं कमळ

तांदळाच्या पेजेत बुडवून वाळवलेल्या सुती कापडावर गरम इस्त्री फिरली, की एक वास उठतो. भाताचा, उन्हाचा, आणि करपण्याच्या अगदी काठावर थांबलेल्या गोडीचा. माझ्या लहानपणी तो आईच्या पातळांना येई. मध्ये कितीतरी वर्षं तो कुठे गेला होता कोण जाणे. नेरूळच्या आमच्या फ्लॅटमध्ये तो पुन्हा दरवळला तो पातळांमुळे नव्हे, तर जेवणाच्या टेबलावर मांडायच्या रुमालांमुळे.

त्याचं असं झालं, की माझ्या लेकीनं सारसोळ्याचा मुलगा पसंत केला. सारसोळे आमच्या इमारतीपासून पायी जाण्याइतकं जवळ. वारा फिरला की तिथल्या खाडीचा ओला, खारा वास आमच्या गॅलरीतल्या कपड्यांत येऊन बसतो. त्या गावातून मी वर्षानुवर्षं मासळी आणली होती, पण तिथल्या एकाही उंबऱ्याच्या आत गेले नव्हते. मुलाचे वडील काही वर्षांपूर्वी वारलेले. घरात त्याची आई आणि आजोबा. आम्ही पहिल्यांदा जेवायला गेलो, तेव्हा मुलाच्या आईनं स्टीलच्या पेल्यांत गुलाबी कागदी नॅपकिन पंख्यासारखे उभे केले होते, आणि मासळीच्या त्या गावात आम्हाला पनीर वाढलं. मी कॉलेजात मराठी कविता शिकवत असे, हे तिच्या कानावर गेलं होतं. मॅडम, भाजी घ्या. मॅडम, पंखा वाढवू का. मॅडम, गॅलरीत बसता का जरा. मीही तिला 'ताई, ताई' म्हणत राहिले, पण माझ्या त्या ताईलाही कडक इस्त्री केलेली होती. सुरमईबद्दल विचारायचं ओठांवर आलं होतं, विचारलं नाही.

परतल्यावर लिफ्टमध्ये शिरताच लेक म्हणाली, "लग्न आम्ही करूच, आई. पण तुम्ही दोघी जन्मभर अशाच बोलणार का?"

या प्रश्नावर मी जे उत्तर शोधलं, ते माझ्यासारखीलाच सुचावं असं होतं. तिनं कागदाचा पंखा केला, तर मी कापडाचं कमळ करीन. मानाला मान, असा माझा हिशेब. तिच्या पंख्यातला धाक मला कळला होता, आणि तोच धाक मी दुप्पट करून तिच्यासमोर मांडायला निघाले होते, हे मात्र कळलं नव्हतं.

वाशीहून कापड आणलं. पुरुषांसाठी पांढरा मांजरपाट, त्याच्या टोप्या करायच्या. बायकांसाठी हिरवा खण, त्याची कमळं. मोबाइलवर एक बाई बोटांना जराही घाई न करता रुमाल दुमडून दाखवत होत्या. पाहताना सारं सोपं वाटे. कापड हातात आलं, की चार कोपऱ्यांपैकी एखादा हटकून माझ्याविरुद्ध जाई. मग ध्यानात आलं, की हे वृत्तासारखं आहे. घडी म्हणजे यती. ती जिथे पडायला हवी तिथे पडली, तर पुढची ओळ आपोआप उभी राहते. केसभर अलीकडे पडली, तर सगळा श्लोक लंगडतो. एकदा हे उमगल्यावर बोटांनी जुनी विद्या आठवली. निऱ्या चापताना अंगठा कसा दाबायचा, मोदकाच्या पाकळ्या चिमटीत कशा धरायच्या, हे त्यांना माझ्याआधी ठाऊक होतं. खण स्वभावतःच ताठ. त्याच्या पाकळ्या एकदा वळवल्या की वळलेल्या राहत, आणि दुमडताना त्यातून कोऱ्या रंगाचा, दुकानाच्या फळीचा वास येई.

मांजरपाट मात्र लोळागोळा. म्हणून पेज, आणि म्हणून इस्त्री. इस्त्रीचं काम नवऱ्याकडे होतं. माझं पहिलं कमळ त्यानं चष्मा कपाळावर सरकवून पाहिलं आणि हा कोबी कितीला दिला, असं विचारलं. लेकीनं पेज पिऊन वाळलेला एक रुमाल दोन बोटांत धरून हलवला. त्याचा खडखड आवाज झाला. "आई, हे रुमाल नाहीत, खाकरे आहेत. चटणी वाढ बरोबर." ती हसली, पण हसणं संपल्यावर टेबलाकडे पाहत उभी राहिली. माणसं घाबरतील गं, एवढंच म्हणाली. मी म्हटलं, सुंदर गोष्टीला कोण घाबरतं?

रविवार उजाडला. पुरण शिजलं, कटाची आमटी उकळली, वेलचीचा आणि काळ्या मसाल्याचा वास घरभर एकमेकांत मिसळला. टेबलावर पांढरी चादर, तीन ताटांपाशी तीन पांढऱ्या टोप्या, तीन ताटांपाशी तीन हिरवी कमळं. दुपारचं ऊन त्या पाकळ्यांवर तिरपं पडलं आणि खणाची बारीक नक्षी पाण्यासारखी लकाकली. क्षणभर वाटलं, माणसं आलीच नाहीत तरी चालेल.

ती आली. आजोबांनी दारातच चपला काढून नीट जोडून ठेवल्या. मुलाची आई फिक्या जांभळ्या साडीत होती. तिनं टेबल पाहिलं आणि पदर खांद्यावर घट्ट ओढून घेतला. "मॅडम, केवढा त्रास घेतला," ती म्हणाली, आणि आवाज अगदी त्या दिवशीचाच होता.

आम्ही बसलो. पोळीवर तूप ओतलं. रुमालाला कोणी हात लावेना. रांगोळीवर पाय पडू नये म्हणून माणसं अंग चोरून चालतात, तशी सगळी त्या घड्यांना चुकवून जेवत होती. मुलानं आपली टोपी हळूच ताटापासून दूर सरकवली. त्याच्या आईच्या बोटाला आमटी लागली, तर तिनं डाव्या हातानं पर्स उघडून आपला हातरुमाल शोधायला सुरुवात केली, तो सापडेना. कमळ तिच्या मनगटाला टेकेल इतकं जवळ होतं, आणि ती मनगट आखडून घेत होती. उघडा ना ताई, असं म्हणावंसं वाटलं, पण माझ्या तोंडून ते वर्गातल्या सूचनेसारखं निघालं असतं. लेकीनं माझ्याकडे पाहिलं नाही. न पाहणंच पुरेसं होतं.

आजोबांनी घास संपवला. डाव्या हातानं आपल्यासमोरची टोपी उचलली, उजेडात फिरवून पाहिली, कपाळाला लावली आणि डोक्यावर चढवली.

मुलगा कानापर्यंत लाल झाला. नॅपकिन मांडीवर ठेवायचा असतो, असं तो पुटपुटला.

"ठाव हाय मना," आजोबा शांतपणे म्हणाले. मोठ्या हॉटेलांना त्यांनी अर्धं आयुष्य कोळंबी पुरवली होती. असले रुमाल त्यांनी गाडीभर पाहिले होते. "हाटेलान तो मांडीवर ठेवाचा. सोयऱ्याच्या घरान समोर टॉवेल ठेवला, त तो डोक्यावर घ्याचा."

लग्नकार्यात पुरुषांना टॉवेल-टोपी देऊन मान करतात, हे मला कुणी शिकवायला नको होतं. पण मी तो मान टेबलावर मांडला होता आणि स्वतःच ओळखला नव्हता. माझ्या नवऱ्याला कविता कळत नाही, वेळ कळते. त्यानं आपली टोपी उचलून डोक्यावर ठेवली. ती त्यानं सगळ्यांत शेवटी, घाईत इस्त्री केलेली असल्यामुळे एका बाजूनं ढासळली आणि कानावर येऊन लोंबली. आजोबा हसायला लागले. त्यांचं हसणं आधी खांद्यांत दिसलं, मग ऐकू आलं. मुलानं मान खाली घालून आपली टोपी चढवली. लेकीला ठसका लागला. मी हात धुऊन देवघरातून हळदीकुंकवाचा करंडा आणला आणि आजोबांच्या कपाळी, टोपीच्या काठाखाली, टिळा लावला.

हसण्यात एकच माणूस नव्हतं. मुलाची आई हसू आणत होती, पण तिचे हात मांडीवर होते आणि नजर त्या कमळावर. रुमाल जर मानाचा टॉवेल असेल, तर खण म्हणजे काय, हे मला तेव्हा, त्या क्षणाला उमजलं. बाईसमोर मांडलेला हिरवा खण म्हणजे ओटी. नवरा गेल्यापासून तिच्यासमोर असा खण कुणी ठेवला नसणार. आल्या आल्या तिनं पदर ओढला होता तो माझ्या टेबलाला बिचकून नव्हे. मी रंग निवडताना उन्हाचा विचार केला होता, पांढऱ्या चादरीचा केला होता. तिचा केला नव्हता.

"ते मला नाय चालत, मॅडम," ती हळू म्हणाली. तक्रार नव्हती त्यात. माझी चूक मलाच अवघडवू नये म्हणून सांगितल्यासारखं होतं.

कमळ उचलून घ्यावं की राहू द्यावं? उचललं असतं तर तिच्यापुढून ते दुसऱ्यांदा गेलं असतं. मी स्वयंपाकघरात जाऊन ओंजळभर तांदूळ घेतले. नारळ सकाळीच चटणीत खवला गेला होता. लेक मागोमाग आली, तिनं फ्रिज उघडला आणि काही न विचारता एक मोसंबं माझ्या हातात ठेवलं. गार होतं, आणि दारात येईपर्यंत त्याच्यावर दव साचलं.

मी तिच्यासमोर उभी राहिले. ती आजोबांकडे पाहू लागली.

"घे गो बाय," ते म्हणाले. टोपी अजून डोक्यावरच होती. "मान देतान तवा घ्याचा."

ती उठली. करंडा मी तिच्यापुढे नुसता धरला; तिनं स्वतःच्या बोटानं हळद घेतली, कुंकू तसंच राहू दिलं. मग पदर पसरला. तांदूळ पडतानाचा आवाज इतका बारीक असतो, की एरवी तो ऐकूच येत नाही. तांदळांवर मोसंबं, मोसंब्याशेजारी ते हिरवं कमळ, पाकळी न मोडता. नारळ नाही म्हणून मी ओशाळून काहीतरी बोलले, तर ती म्हणाली, शेंडी नसली म्हणून काय झालं, आतून रसाळ हाय ना. आणि पुढच्या रविवारी सारसोळ्याला या, खरं जेवायला, पनीर बिनीर काही नाय. मी सुरमईचं नाव काढलं. तिनं मला वेड्यात काढल्यासारखं पाहिलं. या दिवसांत ताजा बोंबील सोडून सुरमई कोण खातं?

दोन्ही हातांनी पदराची ओटी सावरून धरलेली, आणि उजव्या बोटावर आमटीचा तो तांबूस डाग अजून तसाच. टेबलावर रुमालच रुमाल होते. तीन माणसांच्या डोक्यावर, दोन ताटांपाशी, एक तिच्या ओटीत. पुसायला एकही मोकळा नव्हता. मी माझ्या साडीचा पदर घेतला आणि तिचं बोट पुसलं. रुमाल दुमडताना लागलेला पेजेचा वास पदराला अजून होता. ती माझ्या हाताकडे बघत राहिली, मग माझ्याकडे, आणि म्हणाली,

"विहीनबाय."